बाटलीवरचा ‘ग्लायकॉल’ म्हणजे नक्की काय?

‘डॉक्टर, या औषधात ग्लायकॉल आहे. मुलाला देऊ की फेकून देऊ?’

ऑक्टोबर २०२५ पासून हा प्रश्न मला इतक्या वेळा विचारला गेला आहे की शेवटी त्यावर लिहायलाच बसलो. सोबत बहुधा लेबलचा फोटो असतो. कधी ते लहान मुलांचे तापाचे औषध असते, कधी आजोबांची बद्धकोष्ठाची पावडर, कधी त्वचेला लावायचे मलम. एका ताईंनी चेहऱ्याची क्रीम आणली होती. तिच्यावर ‘ग्लायकोलिक ॲसिड’ असे छापलेले होते. नाव बातम्यांत ऐकल्यासारखे वाटले म्हणून त्यांनी ती लावणे बंद केले होते.

या भीतीला हसण्यासारखे त्यात काही नाही. मध्य प्रदेशातल्या छिंदवाडा जिल्ह्यात सर्दी-खोकल्यासाठी सिरप दिलेली मुले एकामागून एक आजारी पडली. आधी उलट्या, मग लघवी बंद. त्यांतल्या अनेकांना उपचारासाठी नागपूरला आणावे लागले. वीसहून अधिक मुले दगावली. ते सिरप तमिळनाडूत बनलेले होते, आणि तिथल्या सरकारी तपासणीत त्यात ४८.६ टक्के डायइथिलीन ग्लायकॉल सापडले. औषधासाठी वापरायच्या ग्लिसरीनमध्ये किंवा प्रॉपिलीन ग्लायकॉलमध्ये या पदार्थाचा अंश ०.१ टक्क्यापेक्षा जास्त चालत नाही. म्हणजे जिथे नखभर चालत नाही तिथे जवळजवळ निम्मी बाटलीच विषाची होती. हे वाचल्यावर कोणत्या आईच्या मनात धडकी भरणार नाही?

मात्र ही भीती चुकीच्या शब्दाला चिकटली आहे असे माझे मत आहे. ते का, हे समजण्यासाठी थोडे रसायनशास्त्र करावे लागेल. बारावीनंतर ज्यांनी या विषयाला रामराम ठोकला त्यांनीही घाबरू नये, पाच मिनिटांचे काम आहे.

ग्लायकॉल हे एका पदार्थाचे नाव नाही, ते एका कुळाचे नाव आहे. रसायनशास्त्रात ऑक्सिजन आणि हायड्रोजन यांची एक जोडी असते, तिला हायड्रॉक्सिल गट म्हणतात. कार्बनच्या साखळीला अशी एक जोडी चिकटली की तो पदार्थ अल्कोहोल. आपण अल्कोहोल म्हणजे दारू समजतो, पण रसायनशास्त्रज्ञाच्या लेखी दारूतले इथाइल अल्कोहोल हा त्या मोठ्या गोतावळ्यातला फक्त एक सदस्य. नावाच्या शेवटी ‘ऑल’ आले की अशी जोडी आहे असे बहुतेक वेळा समजावे : मेंथॉल, सॉर्बिटॉल, एवढेच काय, तुमचे कोलेस्टेरॉलसुद्धा. (कोलेस्टेरॉल वाढले म्हणजे रक्तात दारू वाढली का, असे मला खरोखर विचारलेले आहे. नाही.)

आता एकाऐवजी दोन जोड्या, दोन वेगवेगळ्या कार्बनवर चिकटल्या तर? तो ग्लायकॉल. आणि तीन कार्बनवर तीन जोड्या असल्या की ते आपल्या घरोघरी असलेले ग्लिसरीन. फुटलेल्या ओठांना लावतो ते, आणि सिनेमात नायिकेच्या डोळ्यांतून वाहते तेही. ग्लायकॉल हा शब्द फ्रेंच शास्त्रज्ञ वुर्ट्‌झ यांनी १८५६ मध्ये बनवला. ग्लिसरीन आणि अल्कोहोल यांच्या मधला पदार्थ म्हणून एकाचा ‘ग्लायक’ घेतला आणि दुसऱ्याचा ‘ऑल’. ग्लिसरीन, ग्लुकोज या नावांच्या मुळाशी ‘गोड’ अर्थाचा ग्रीक शब्द आहे. ही गोष्ट लक्षात ठेवा, कारण या कुळातले विषारी सदस्यही चवीला गोडसरच असतात. जीभ फसते ती इथेच.

आता या कुळातल्या चौघांची ओळख करून घेऊ. तुमच्या घरात यांतला एखादा तरी नक्की असेल.

पहिला इथिलीन ग्लायकॉल. दोन कार्बन, दोन्हीवर एकेक हायड्रॉक्सिल. हा गाडीच्या रेडिएटरमधल्या कूलंटमध्ये असतो. पोटात गेला तर विष.

असे दोन रेणू एकमेकांना जोडले आणि जोडताना पाण्याचा एक रेणू बाहेर पडला की तयार होते डायइथिलीन ग्लायकॉल. ‘डाय’ म्हणजे दोन. हे कारखान्यात लागते : ब्रेकचे तेल, शाई, रेझिन अशा ठिकाणी. हेही विष. छिंदवाड्याचा गुन्हेगार हाच.

तिसरा प्रॉपिलीन ग्लायकॉल. याच्यात एक कार्बन जास्त, तीन. तुमच्या मुलाच्या सिरपमध्ये, काही इंजेक्शनांमध्ये, मलमांमध्ये तो रीतसर घातलेला असतो. अनेक औषधे पाण्यात विरघळत नाहीत, यात विरघळतात. नेमून दिलेल्या मात्रेत तो सुरक्षित आहे. नवजात बाळांना किंवा आयसीयूत शिरेतून भरपूर प्रमाणात दिला गेला तर त्याचाही त्रास होऊ शकतो, पण ती काळजी तिथल्या डॉक्टरांनी करायची. घरी चमचाभर औषध देताना ती तुम्ही करू नका.

चौथा पॉलिइथिलीन ग्लायकॉल. ‘पॉलि’ म्हणजे पुष्कळ. आजोबांच्या बद्धकोष्ठाच्या पावडरीवर ‘पॉलिइथिलीन ग्लायकॉल ३३५०’ असे छापलेले असते. तो आकडा रेणूच्या वजनाचा. इथिलीन ग्लायकॉलचे सुमारे पंच्याहत्तर तुकडे माळेसारखे गुंफले की ही पावडर होते. कोलोनोस्कोपीच्या आधी पोट साफ करायला लिटरभर-दोन लिटर पाण्यातून देतात तीही हीच, नुसते क्षार जास्त घातलेले. माळ इतकी लांब की आतड्यातून रक्तात जवळपास शिरतच नाही. पाणी धरून ठेवते, मळ मऊ करते आणि बाहेर पडते.

मला स्वतःला या ठिकाणी नेहमी गंमत वाटते. एक तुकडा विष, दोन तुकडे जोडले तरी विष, आणि पंच्याहत्तर जोडले की औषध. आडनाव सगळ्यांचे एकच. म्हणून आडनावावरून स्वभाव ओळखायला जाऊ नये, ना माणसांत ना रसायनांत.

मग फरक पडतो कुठे? आपल्या लिव्हरमध्ये. एक धक्का देणारी गोष्ट सांगतो : रक्तात शिरणारी ही ग्लायकॉल जशीच्या तशी असताना फार घातक नसतात. लिव्हरमध्ये अल्कोहोल मोडणारे एक एन्झाइम आहे. दारूही तेच मोडते आणि ग्लायकॉलही. समोर आलेल्या रेणूवर हायड्रॉक्सिलची जोडी दिसली की ते कामाला लागते, पुढे काय निपजेल याच्याशी त्याला देणेघेणे नाही. प्रॉपिलीन ग्लायकॉलमधून निघते लॅक्टिक ॲसिड. व्यायाम करताना आपल्या स्नायूंत तयार होते तेच, शरीराला त्याची सवय आहे. इथिलीन ग्लायकॉलमधून आधी ग्लायकोलिक आणि शेवटी ऑक्झॅलिक ॲसिड निघते. त्याची कॅल्शियमशी गाठ पडून खडे बनतात आणि ते किडनीच्या बारीक नळ्यांत अडकतात. डायइथिलीन ग्लायकॉलमधून निघते डायग्लायकोलिक ॲसिड, ते याच नळ्यांच्या पेशी थेट मारते. एका कार्बनचा फरक आणि एकीकडे निरुपद्रवी पदार्थ, दुसरीकडे बंद पडलेली किडनी.

क्रीमवाल्या ताईंना मी हेच सांगितले. ग्लायकोलिक ॲसिड रक्तात ढिगाने तयार झाले तर घातक, हे खरे. चेहऱ्याच्या वरच्या थरावर सौम्य प्रमाणात लावलेले ते त्वचेची मेलेली पापुद्री काढते, एवढेच. उन्हात जाताना सनस्क्रीन लावा म्हणालो, कारण त्याची खरी अडचण ती आहे.

आता मूळ प्रश्न. ज्याने मुले मेली ते डायइथिलीन ग्लायकॉल त्या बाटलीवर लिहिलेले होते का? नव्हते. ते कधीच लिहिलेले नसते. आपल्याकडच्या बहुतेक सिरपच्या बाटल्यांवर मुख्य औषधाचे नाव आणि प्रमाण असते, आणि त्याखाली ‘फ्लेवर्ड सिरपी बेस’ अशी एक ओळ. पुढे ‘क्यू. एस.’ ही दोन अक्षरे. अर्थ : लागेल तेवढे. बाटलीतला बहुतांश भाग या ओळीत असतो, आणि ही ओळ तुम्हाला काहीही सांगत नाही. त्यामुळे ज्या बाटलीवर प्रामाणिकपणे ‘प्रॉपिलीन ग्लायकॉल’ छापले आहे ती तुम्ही फेकता, आणि जिच्यावर काहीच छापलेले नाही ती निर्धास्तपणे देता. हे उलटे झाले.

विष शिरते ते त्याआधी, पिंपातून. औषधी दर्जाचे ग्लिसरीन किंवा प्रॉपिलीन ग्लायकॉल महाग. डायइथिलीन ग्लायकॉल स्वस्त. दोन्ही रंगहीन, घट्टसर, गोडसर. पिंपावरचे लेबल बदलले की डोळ्यांना, नाकाला, जिभेला काही कळत नाही. प्रयोगशाळेत मात्र लगेच कळते, आणि ती तपासणी काही अवघड नाही. पिंप उघडल्यावर कोणीतरी ती करायची असते, इतकेच. जिथे जिथे मुले गेली तिथे तिथे ती केलेली नव्हती, किंवा केल्याचा कागद खोटा होता.

याची सुरुवात अमेरिकेत १९३७ मध्ये झाली. सल्फानिलामाइड हे तेव्हाचे नवे जंतुनाशक औषध पाण्यात विरघळेना, म्हणून एका कंपनीने ते डायइथिलीन ग्लायकॉलमध्ये विरघळवले, रासबेरीचा स्वाद घातला आणि ‘एलिक्सिर’ म्हणून विकले. चव तपासली, रंग तपासला, वास तपासला. विषारी आहे का हे कोणी तपासले नाही, आणि तसे तपासण्याची कायद्याने सक्तीही नव्हती. शंभराहून अधिक माणसे गेली, त्यांत चौतीस मुले. आणि सरकारने माल जप्त केला तो कोणत्या कलमाखाली? चुकीच्या नावाखाली! एलिक्सिर म्हणायचे तर त्यात अल्कोहोल हवे, या औषधात ते नव्हते. त्याचे नाव ‘सोल्यूशन’ असते तर तेवढाही आधार उरला नसता. पुढच्याच वर्षी, १९३८ मध्ये, बाजारात येण्याआधी औषध सुरक्षित असल्याचे दाखवलेच पाहिजे असा कायदा तिथे झाला.

आपल्याकडचे प्रकरण जुन्या वाचकांना आठवत असेल. १९८६ च्या जानेवारी-फेब्रुवारीत मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात चौदा रुग्ण दगावले. मेंदूतला किंवा डोळ्यातला दाब कमी करायला त्यांना ग्लिसरीन पाजले होते. ते औषधी दर्जाचे नव्हते, त्यात डायइथिलीन ग्लायकॉल मिसळलेले होते. न्यायमूर्ती लेंटिन यांच्या आयोगाने खरेदीपासून औषध प्रशासनापर्यंत आणि वर मंत्र्यांपर्यंत सगळ्यांना धारेवर धरले. मी वैद्यकीय महाविद्यालयात गेलो तेव्हा हे प्रकरण ताजे होते. आमच्या पिढीतल्या बऱ्याच डॉक्टरांनी डायइथिलीन ग्लायकॉल हे नाव पहिल्यांदा ऐकले ते त्यामुळे. पुढे गुडगाव, जम्मूतले रामनगर, गांबिया, इंडोनेशिया, उझबेकिस्तान अशी यादी वाढतच गेली.

पनामाचे उदाहरण मात्र सांगायलाच हवे, कारण तिथे सगळा खेळ दोन अक्षरांचा होता. २००६ मध्ये तिथल्या सरकारी प्रयोगशाळेत बनलेल्या खोकल्याच्या औषधाने शंभराहून अधिक लोक मेले. पिंपे चीनहून स्पेनमार्गे आली होती. मुळात त्यांवर ‘टीडी ग्लिसरीन’ असे होते. ‘टीडी’ हे ‘ऐवजी वापरायचे’ अशा अर्थाच्या चिनी शब्दाचे लघुरूप. म्हणजे ग्लिसरीन नव्हे, त्याचा बदली माल. एका व्यापाऱ्याकडून दुसऱ्याकडे जाताना ती दोन अक्षरे गळाली आणि कागदावर उरले ‘९९.५ टक्के शुद्ध ग्लिसरीन’. टीडी म्हणजे काय, हे वाटेत कोणी विचारले नाही.

एक गोष्ट मला खटकते ती बोलून टाकतो. गांबियानंतर आपल्या सरकारने १ जून २०२३ पासून निर्यातीच्या खोकल्याच्या सिरपला ठरावीक प्रयोगशाळेचा दाखला सक्तीचा केला. देशात विकायच्या बाटलीला असा बाहेरचा दाखला लागत नव्हता. कारखान्याने कच्चा माल आणि प्रत्येक बॅच स्वतः तपासावी हा नियम होता, पण तो पाळला जातो का हे बघणारे डोळे कमी होते. परदेशातल्या मुलांसाठी एक चाळणी जास्त, आपल्या मुलांसाठी एक कमी. छिंदवाड्यातल्या त्या बाटल्या देशातल्या देशातच गेल्या होत्या.

मग तुम्ही घरात काय करायचे? लेबल वाचून हे विष ओळखता येत नाही हे मान्य केले की बाकीचे सोपे होते. सगळ्यांत मोठा उपाय असा की लहान मुलाला खोकल्याचे सिरप देऊच नका. हे मी आजच म्हणतोय असे नाही. ऑक्टोबर २०२५ मध्ये केंद्रीय आरोग्य सेवा महासंचालनालयानेही हेच कळवले : दोन वर्षांखालील मुलांना खोकल्याची आणि सर्दीची औषधे देऊ नयेत आणि पाच वर्षांखाली साधारणपणे टाळावीत. यात विषाचा प्रश्नच नाही, शुद्ध सिरपही या वयात फारसे उपयोगाचे नाही. सर्दीचा खोकला आपोआप जातो, कधी आठवड्यात, कधी तीन आठवडेही घेतो. एक वर्षावरच्या मुलाला रात्री चमचाभर मध द्या (वर्षाच्या आतल्या बाळाला मध कधीही नाही, त्यात बोट्युलिझमचा धोका असतो). नाकात मिठाच्या पाण्याचे थेंब, प्यायला कोमट पाणी, ताप असेल तर वजनाप्रमाणे पॅरासिटामॉल. श्वास जोरात चालतोय, छाती आत ओढली जातेय, मूल पीत नाही, असे दिसले तर डॉक्टर गाठा; तिथे सिरपने तसेही काही होणार नाही.

आजीचा किंवा मेडिकलवाल्या काकांचा ‘हे द्या, मागच्या वेळी गुण आला होता’ हा सल्ला प्रेमाचाच असतो. त्याला नम्रपणे नाही म्हणा. आणि डॉक्टरकडे गेल्यावर ‘काहीतरी खोकल्याचं लिहून द्याच’ असा आग्रह धरू नका. आमच्यातले बरेच जण त्या आग्रहापुढे वाकतात, हे तुम्हालाही माहीत आहे.

दुसरी गोष्ट लघवीची. कोणतेही पातळ औषध सुरू असताना मुलाला उलट्या होऊ लागल्या, पोट दुखू लागले, मूल गुंगीत दिसू लागले आणि आठ तासांत लघवी झाली नाही, तर औषध थांबवा आणि त्याच दिवशी दवाखान्यात न्या. उलट्यांनी शरीरातले पाणी कमी होऊनही असे होते, पण तो निवाडा घरी करायचा नाही. या विषबाधेत पहिला दिवस साध्या पोटाच्या आजारासारखा दिसतो. किडनी बंद पडते ती एक ते तीन दिवसांत, आणि मज्जासंस्थेवर परिणाम होतो तो त्याहून पुढे. लवकर कळले तर त्या लिव्हरमधल्या एन्झाइमलाच अडवणारे फोमेपिझोल नावाचे औषध आहे, आणि डायलिसिस आहे. विष आम्लात बदलण्याआधी एन्झाइम रोखले तर किडनी वाचण्याची शक्यता असते. उशीर झाला की रोखण्यासारखे काही उरत नाही. (हेच एन्झाइम दारूनेही अडते, पूर्वी त्यासाठी रुग्णालयात इथाइल अल्कोहोल देत असत. घरी कोणी हा प्रयोग मुलावर करू नये.)

आजोबांची पावडर सुरू ठेवा. पॅरासिटामॉलचे सिरप लागेल तेव्हा द्या, मात्र बिल घेऊन, बंद सीलची बाटली घेऊन. सुट्टे ओतून दिलेले, लेबल नसलेले औषध घेऊ नका. मूल बरे झाल्यावरही बाटली लगेच टाकू नका, दोनेक आठवडे बिलासकट वर कपाटात ठेवा. एखादी बॅच परत मागवल्याची बातमी आली तर बॅच नंबर जुळवून बघता येतो. मूल आजारी पडून दवाखान्यात न्यावे लागले तर ती बाटली, उरलेल्या औषधासह, सोबत न्या. धुऊन नेऊ नका. प्रयोगशाळेला तळाचे चार थेंबही पुरतात, आणि त्याच बॅचच्या आणखी बाटल्या कोणाकोणाच्या घरात आहेत हे शोधायला अन्न व औषध प्रशासनाला त्यावरचा नंबर लागतो.